एक वाजून दहा मिनिटांचं ऊन

माझा मित्र आणि त्याची बायको इटलीहून परतल्यावर पहिल्याच शनिवारी त्यांनी आम्हाला दुपारी जेवायला बोलावलं. मुलीला मैत्रिणीकडे जायचं होतं, म्हणून आम्ही दोघंच निघालो. ऑकलंडच्या हेन्डरसन भागातल्या आमच्या घरापासून त्यांचं घर सत्तावीस किलोमीटर. वाटेत बायको म्हणाली, "आज तिथे काही मोजू नकोस."

"मी कधी मोजतो?"

"गेल्या वेळी त्यांच्या अंगणातल्या लाकडी डेकच्या पायऱ्या मोजल्यास. एक पायरी उंच आहे म्हणालास. वहिनींचा चेहरा उतरला होता."

पायरी उंच होतीच. बारा मिलिमीटरने.

माझं कामच ते होतं. लोक नवी घरं बांधायला काढत, त्यांचे नकाशे एका सल्लागार कंपनीत माझ्या टेबलावर येत. जिन्याची उंची, खिडक्यांचं क्षेत्रफळ, शेजारच्या अंगणात पडणारी सावली हे सगळं मी तपासायचो. न्यूझीलंडला येऊन अकरा वर्षं झाली होती आणि अकराही वर्षं मी हेच करत होतो. खिशात तीन मीटरचा टेप असायचा. मित्र मला 'टेपमास्तर' म्हणायचा.

आम्ही दोघं पुण्याला इंजिनिअरिंगला एका वर्गात होतो. ड्रॉइंगच्या शीटा तो माझ्या बघून काढायचा. शेवटच्या वर्षी मला चौऱ्याहत्तर टक्के पडले, त्याला एकसष्ट. हे आकडे आता कोणी विचारत नाही, मला मात्र ते अजून पाठ आहेत. पुढे तो कॉम्प्युटरकडे वळला. आता त्याचं घर टेकडीवर होतं, चार बेडरूमचं. एजंटने ते विकताना जाहिरातीत 'दिवसभर उत्तरेचं ऊन' असं ठळक छापलं होतं. आमच्या घराचा दिवाणखाना पश्चिमेला होता. मला त्याचा हेवा वाटायचा. हे मी तेव्हा कुणाजवळ कबूल केलं नसतं, आता करतो.

जेवण झाल्यावर मित्राने कॅमेरा वायरने टीव्हीला जोडला. एकूण चारशे बारा फोटो होते. पहिले दीडशे रोम, चर्च, पुतळे. तोपर्यंत माझं बरं चाललं होतं. मग हॉटेल आलं.

जिनोव्हाच्या पुढे किनाऱ्यावर एक लहान गाव आहे, तिथे ते चार दिवस राहिले होते. हॉटेल पाच मजली, पिवळ्या रंगाचं, हिरव्या लाकडी झडपांचं. खाली समुद्राच्या बाजूला दगडी गच्ची, तिच्यावर निळ्या-पांढऱ्या पट्ट्यांच्या छत्र्या आणि पांढरे टेबलक्लॉथ. कुंड्यांमध्ये लिंबाची झाडं, त्यांना खरीच लिंबं लागलेली. पांढरा कोट घातलेला वेटर, वय सत्तरच्या आसपास, एका हातावर ट्रे.

मित्राची बायको सांगत होती आणि माझी बायको ऐकत होती. "खोलीची किल्ली एवढी जड! पितळेचा लोलक आणि त्याला लाल गोंडा. बाहेर जाताना ती काउंटरवर द्यायची आणि तो माणूस ती आपल्या नंबरच्या खणात टांगायचा. परत आलं की न विचारता काढून द्यायचा. दुसऱ्या दिवशी त्याला आमचा नंबर पाठ!"

"न विचारता?" माझी बायको म्हणाली.

"न विचारता. आणि एक म्हातारी बाई होती. दरवर्षी त्याच खोलीत येते म्हणे, तिच्या लग्नापासून. आता नवरा नाही, तरी येते. संध्याकाळी मोत्यांची माळ घालून एकटी जेवायला बसायची आणि तो म्हातारा वेटर तिची खुर्ची सरकवायचा."

"आणि तुम्ही काय घालायचात जेवायला?"

"अगं, नऊ वाजता जेवण. तोपर्यंत सगळं गाव नटूनथटून समुद्राच्या कडेने नुसतं फिरत असतं. मी दोन सिल्कच्या साड्या नेल्या होत्या. यांना पण शर्ट घ्यायला लावला तिथे."

मग तो फोटो आला. मित्र ऑकलंडमध्ये बाराही महिने जँडल्स, म्हणजे रबरी चपला घालून फिरतो. मी त्याला लग्नातसुद्धा इस्त्रीच्या शर्टात पाहिल्याचं मला आठवत नाही. फोटोत त्याने पांढरा शर्ट घातला होता, बाह्या दोनदा दुमडलेल्या, आणि समुद्राकाठच्या दिव्याखाली उभं राहून बायकोचा हात हातात धरला होता. कुणा अनोळखी माणसाकडून फोटो काढून घेतला होता.

"भावजी, हात धरलाय तुम्ही," माझी बायको म्हणाली.

"काय करणार वहिनी, तिथे सगळेच धरतात. न धरणारा वेगळा दिसतो," मित्र म्हणाला, आणि सगळे हसले.

मी बायकोकडे पाहिलं. ती टीव्हीकडे बघत होती. तिच्या चेहऱ्यावर जे होतं ते मी मागच्या जानेवारीत शोधत होतो. मागच्या जानेवारीत मी तिला आणि मुलीला कोरोमँडलच्या किनाऱ्यावर एका मोटेलात नेलं होतं. मी तीन महिने आधी नकाशा मागवून खोली निवडली होती. दारापासून वाळू त्रेचाळीस पावलांवर होती. खोलीला स्वयंपाकघर होतं, म्हणून आम्ही घरून कुकर, तांदूळ, मुगाची डाळ नेली. दुसऱ्या शिट्टीला मोटेलचा मालक धावत आला, त्याला वाटलं आगीचा भोंगा वाजला. बायकोने त्याला खिचडी खायला घातली. ती म्हणाली होती, "छान आहे." तीनदा म्हणाली होती. पण असा चेहरा नव्हता.

पुढचा फोटो त्यांच्या खोलीचा होता. उंच छत, पांढरी चादर, गॅलरीचं दार उघडं. बाहेर इतका उजेड की कॅमेऱ्याला काहीच टिपता आलं नव्हतं, नुसतं पांढरं. गॅलरीच्या लोखंडी कठड्याच्या सावल्या सरळ आत उंबरठ्यापर्यंत आल्या होत्या. कोपऱ्यात नारिंगी आकड्यांत वेळ होती, एक वाजून दहा मिनिटं.

"ही आमची खोली. चौथा मजला. पलंगावर पडल्या पडल्या समुद्र," मित्राची बायको म्हणाली.

त्यानंतरचा फोटो समुद्राचा होता, वरून काढलेला. त्यात ना कठडा, ना माणूस.

टीपॉयवर हॉटेलचं रंगीत पुस्तक पडलं होतं. जेवणाआधीच मी ते चाळलं होतं. शेवटच्या पानावर गावाचा नकाशा होता, उत्तरेच्या बाणासकट. हॉटेल मध्ये, वरच्या बाजूला रस्ता आणि डोंगर, खालच्या बाजूला समुद्र. म्हणजे समुद्र दक्षिणेला. फोटोत ऊन सरळ गॅलरीत. वेळ दुपारची.

"कॅमेऱ्याचं घड्याळ तिथल्या वेळेवर केलं होतंस?" मी मित्राला विचारलं.

"पहिल्याच दिवशी. का रे?"

"मग ही खोली समुद्राकडची नाही."

बायकोने माझ्या गुडघ्यावर हात ठेवला. त्याचा अर्थ मला कळला होता, तरी मी थांबलो नाही. मी पुस्तक उघडलं, नकाशावर बोट ठेवलं. "समुद्र दक्षिणेला. दुपारी एकला ऊन उत्तरेकडून येतं. तुमच्या गॅलरीत ऊन समोरून येतंय, सावल्या बघ, जराही तिरप्या नाहीत. म्हणजे गॅलरी उत्तरेला. रस्त्याकडे. समुद्राचा फोटो खालच्या गच्चीवरून नाहीतर जिन्यातून काढलेला असणार."

"अरे टेपमास्तर, आम्ही राहिलोय तिथे!"

"राहिला असाल. पण ऊन खोटं बोलत नाही. तुझंच घर घे. ऊन कुठून येतं?"

मित्राने मान वळवून स्वतःच्या खिडकीकडे पाहिलं. तिथून ऊन येत होतं, उत्तरेकडून. त्याच्या कपाळावर आठी पडली. "ते खरं आहे," तो हळू म्हणाला, "पण..."

"पहिल्या रात्री आपल्याला मागची खोली दिली होती," त्याची बायको म्हणाली. "मग दुसऱ्या दिवशी बदलून दिली. हा फोटो बदलल्यानंतरचाच आहे ना हो?"

"बदलल्यानंतरचाच. बहुतेक."

मला 'बहुतेक' पुरेसं होतं. मी पुस्तक मिटून जागेवर ठेवलं. मित्राची बायको उठली, तिने टीव्ही बंद केला आणि म्हणाली, "चहा टाकते." अजून शंभरावर फोटो शिल्लक होते. ते कुणी मागितले नाहीत. निघताना तिने ते पुस्तक माझ्या बायकोच्या हातात दिलं. "घेऊन जा तू. मला आता नको." माझ्याकडे तिने पाहिलं नाही.

परतीच्या सत्तावीस किलोमीटरांत बायको एकदाच बोलली. "तुला काय मिळालं?"

"जे आहे ते सांगितलं."

ती खिडकीबाहेर बघत राहिली. मला मात्र आतून थंडावा वाटत होता. त्यांची खोली रस्त्याकडची होती. म्हातारी, मोती, पितळेची किल्ली, असेल सगळं, पण पलंगावरून समुद्र दिसत नव्हता. आमच्या मोटेलात पलंगावरून दिसायचा. थोडा, डाव्या कोपऱ्यात, पण दिसायचा.

पुढच्या काही दिवसांत मी घरी एक गोष्ट पाहिली. बायकोच्या साड्यांचा खण उघडा होता आणि सगळ्यात वर ते पुस्तक होतं. ती नसताना मी ते बाहेर काढून नीट पाहिलं. हॉटेलच्या समोरच्या बाजूला पस्तीस झडपा होत्या. प्रत्येक मजल्यावर सात. गच्चीपासून पाण्यापर्यंत एकसष्ट पायऱ्या, असं चित्राखाली लिहिलं होतं. एका झडपेची रुंदी दाराच्या उंचीवरून काढता येत होती, आणि तिच्यावरून खोलीची. मी ते सगळं ऑफिसच्या वहीत उतरवून घेतलं. का, ते मला सांगता येणार नाही. ज्या गोष्टीचा राग येतो ती मोजल्याशिवाय मला चैन पडत नाही, एवढं खरं.

पुढच्या आठवड्यात पुस्तक खणात नव्हतं. गुरुवारी सकाळी मी रिसायकलिंगचा डबा रस्त्यावर लावायला नेला तेव्हा वर्तमानपत्रांखाली त्याची पिवळी कड दिसली.

"हे टाकलंस?" मी तिला विचारलं.

"खोटंच आहे ना ते," ती म्हणाली. "तूच दाखवलंस. मग कशाला ठेवू?" ती चिडलेली नव्हती. पोळ्या करत होती. "विसाव्या वाढदिवसाला जाऊ या का, असं विचारणार होते तुला. लग्नाच्या. अजून दोन वर्षं होती, म्हटलं जमेल. आता बघ ना, तिथे जाऊन आपल्यालाही रस्त्याकडचीच खोली मिळणार. राहू दे."

मी डबा रस्त्यावर ठेवून आलो. पुस्तक बाहेर काढावं असं मनात आलं होतं. काढलं नाही. थोडं बरंच वाटलं, तेही लिहून टाकतो. आता ती कोरोमँडलच्या मोटेलाशी दुसऱ्या कशाची तुलना करणार नाही, असं मला वाटलं.

त्यानंतर दहा-बारा दिवसांनी पुण्याहून बहिणीचा फोन आला. तिने कोथरूडला एका नव्या बिल्डिंगमध्ये फ्लॅट बघितला होता. दोन रिकामे होते आणि कुठला घ्यावा हे तिला मला विचारायचं होतं. घरात नकाशे तपासणारा मी एकटाच, तेव्हा असले फोन मलाच येत.

"एकाची गॅलरी उत्तरेला, एकाची दक्षिणेला," ती म्हणाली. "बाकी सगळं सारखं."

"उत्तरेची घे. डोळे मिटून. कपडे वाळतील, हिवाळ्यात ऊन येईल."

"उत्तरेला कसलं ऊन रे?"

"दिवसभर येतं."

"वेडा आहेस का? आईच्या घरी उत्तरेच्या खोलीत थंडीत पाय गोठायचे, विसरलास? पापड कुठे घालायचो आपण? दक्षिणेच्या गॅलरीत! आणि तू काय, त्याच गॅलरीत खुर्ची टाकून अभ्यास करायचास, ऊन सरकलं की खुर्ची सरकवायचास. हॅलो? आहेस का?"

मी होतो. मला ती गॅलरी दिसत होती. लाल फरशी, तिच्यावर पापडांचं प्लॅस्टिक, माझी खुर्ची. समोर दक्षिण. वयाच्या चौतिसाव्या वर्षापर्यंत मी त्या उन्हात राहिलो होतो आणि अकरा वर्षांत ते मी उलटं फिरवून टाकलं होतं. टेबलावर येणाऱ्या प्रत्येक नकाशावर मी दिवाणखाना उत्तरेला आहे ना हे बघत आलो, आणि शेवटी माझ्या डोक्यातल्या सगळ्या जगाला ऊन उत्तरेकडूनच येऊ लागलं होतं.

"दक्षिणेची घे," मी बहिणीला म्हटलं आणि फोन ठेवला.

मुलगी सोफ्यावर बसून गृहपाठ करत होती. मी तिला विचारलं, "इटलीत दुपारी ऊन कुठून येतं?"

"साउथ, बाबा. दे आर इन द नॉर्दर्न हेमिस्फिअर, वी आर इन द सदर्न," ती वहीतून मान वर न करता म्हणाली. ती बारा वर्षांची होती.

म्हणजे समुद्र दक्षिणेला, ऊन दक्षिणेकडून, गॅलरीत सरळ. खोली समुद्राकडची होती. पलंगावर पडल्या पडल्या समुद्र. तो फोटो उलट पुरावाच होता, आणि मी तोच घेऊन त्यांना खोटं ठरवलं होतं.

हे बायकोला त्याच संध्याकाळी सांगायला हवं होतं. मी नऊ दिवस सांगितलं नाही. चूक कबूल करायची लाज होतीच, पण ती कमी होती. मोठी अडचण अशी की कबूल केलं की ती खोली त्यांना परत द्यावी लागणार होती. झडपा, छत्र्या, हात धरलेला फोटो, आणि वर समुद्रसुद्धा. माझ्याकडे परत त्रेचाळीस पावलं आणि कुकर.

आमच्या कामात एक शिस्त आहे. तपासणाऱ्याने चूक केली तर तोंडी सांगून भागत नाही. नकाशा नव्याने काढायचा, चूक लाल शाईने दाखवायची, खाली सही करायची, आणि पहिला नकाशा ज्यांना ज्यांना गेला त्या सगळ्यांना नवा द्यायचा. पहिला ज्यांना गेला ते तिघं होते. नवव्या दिवशी, शनिवारी सकाळी मी जेवणाच्या टेबलावर मोठा कागद पसरला. वहीतली मापं काढली. हॉटेल काढलं, पाच मजले, पस्तीस झडपा, एकसष्ट पायऱ्या. चौथ्या मजल्यावर त्यांची खोली, पलंग, गॅलरी. उत्तरेचा बाण. मग लाल शाईने सूर्य, दक्षिणेला, आणि त्याचे किरण गॅलरीतून उंबरठ्यापर्यंत. खाली सही आणि तारीख.

बायको मागे उभी होती. "हे काय?"

"मी चुकलो होतो. खोली समुद्राकडचीच आहे."

तिने पूर्ण ऐकून घेतलं. हसली नाही. "त्यांना सांगितलंस?"

"आता जाऊन सांगतो. तू पण चल. तिघांसमोर बोललो होतो, तिघांसमोरच सांगायला हवं."

मित्राने दार उघडलं आणि माझ्या हातातली गुंडाळी बघून म्हणाला, "आता काय, घर पाडायला आलास?" मी त्यांच्या टीपॉयवर कागद पसरला आणि सांगितलं. मित्र ऐकता ऐकता हसायला लागला, शेवटी खुर्चीत मागे पडला. "चौऱ्याहत्तर टक्के! वहिनी, याला चौऱ्याहत्तर टक्के होते! आणि मी गाढव, मला पण पटलं!" त्याने माझ्या पाठीवर थाप मारली. त्याच्या बाजूने विषय तिथेच संपला.

त्याची बायको हसली नाही. ती कागदावर वाकून त्यांची खोली बघत होती. "भावजी," ती म्हणाली, "तुम्ही गेल्यावर मी यांना विचारलं, आपण खरंच पलंगावरून समुद्र बघितला होता का, की मी गच्चीवरचं खोलीत आणून ठेवलंय? यांना सांगता येईना. मग मलाही दिसेनासा झाला. आठवायला गेलं की रस्ता दिसायचा. जो आम्ही त्या खोलीतून बघितलाच नव्हता."

मी म्हटलं, "चूक माझी आहे."

"ते लिहिलंयत तुम्ही," ती म्हणाली. तिने सहीवर बोट ठेवलं. "पण तुम्हाला तेव्हा आनंद झाला होता. तो मी बघितला."

मी 'हो' म्हटलं. बायको माझ्या शेजारी उभी होती, तिनेही ऐकलं.

मग बायको म्हणाली, "वहिनी, उरलेले फोटो बघू या ना. त्या दिवशी राहिले." मित्राने वायर शोधली. मला वाटलं होतं मी डेकवर जाऊन बसेन, पण बसलो तिथेच. खोलीचा फोटो आला तेव्हा मीच उठून टीव्हीपाशी गेलो आणि त्या पांढऱ्या उजेडावर बोट ठेवलं. "इथे समुद्र आहे. उशी इथे. डोकं ठेवलं की क्षितिज कठड्याच्या साधारण वरच्या गजाला लागेल." मी ते गणित मांडलं होतं. माझ्या बायकोच्या चेहऱ्यावर पुन्हा ते आलं, मागच्या वेळी आलं होतं तेच. मी ते बघितलं. या वेळीही ते माझ्यासाठी नव्हतं.

निघताना तिने विचारलं, "वहिनी, ते पुस्तक अजून एक आहे का?"

"एकच होतं गं. तुला दिलेलं."

बायकोने पुढे काही सांगितलं नाही. तिने माझा कागद टीपॉयवरून उचलला, नीट गुंडाळला आणि म्हणाली, "मग हा मी नेते. चालेल ना?" हे तिने मला नाही, त्यांना विचारलं.

तो कागद अजून तिच्या साड्यांच्या खणात आहे. विसावा वाढदिवस होऊन गेला. त्या वर्षी आम्ही परत कोरोमँडलला गेलो, त्याच मोटेलात, आणि या वेळी कुकर नेला नाही. इटलीला आम्ही अजून गेलेलो नाही. ती कधीतरी खण आवरताना कागद उघडते आणि जरा वेळ बघते. आमच्या घरात दुसऱ्याच्या खोलीचा नकाशा आहे, तो मी काढलाय, त्यात एकही माप चुकलेलं नाही, आणि ती तो उघडते तेव्हा मला अजून हेवा वाटतो.